गल्लीनं सांभाळलेला माणूस

न्यू टाउन, कोलकाता
मंगळवार, १८ नोव्हेंबर २०२५

प्रिय उषा,

अनेक आशीर्वाद. फराळाचा डबा पोचला. चकल्यांचा पार भुगा झाला होता, पण दह्यात कालवून खाल्ला, वाया काही घालवलं नाही. शंकरपाळ्यांना तुझ्या दादानं कुणाला हात लावू दिला नाही. माझे गुडघे आहेत तसेच आहेत. इथे थंडी पडली म्हणतात, म्हणजे सगळ्यांनी माकडटोप्या बाहेर काढल्यात आणि मला अजून पंखा लागतो.

फोन सोडून पत्र कशाला, असं म्हणशील. फोनवर बोलते तेव्हा हे शेजारीच बसलेले असतात. शिवाय तू विचारतेस "दादा कसा आहे?", मी म्हणते "बरा आहे", आणि तू लगेच पुण्यातल्या पाणीकपातीवर घसरतेस. मग राहूनच जातं.

भवानीपूरचं घर पाडलं. मालकांनी प्रोमोटरला, म्हणजे आपल्याकडच्या बिल्डरला, दिलं, भाडेकरूंनी हूं की चूं करायची सोयच नव्हती. मग शौनकनं टोरांटोत बसून संगणकावर हा फ्लॅट पसंत केला. सात टॉवर, सगळे अगदी एकसारखे, साच्यातून काढल्यासारखे. लिफ्ट आहे, जनरेटर आहे, बाग आहे. बागेत गवतावर पाय ठेवू नये अशी पाटी आहे. मग बाग कशाला, असं विचारलं तर चिरंजीव म्हणतात, "आई, तू प्रत्येक गोष्टीत खोट काढतेस." काढते. खोट असली की काढते.

त्या गल्लीतही जन्मभर काढलीच की! क्लबातल्या कॅरमचा खडखडाट, पूजेचे ते लाउडस्पीकर, गल्लीच्या तोंडाशी महिनाभर बांबू. आणि सगळ्यांत वैताग म्हणजे ते ओटे. प्रत्येक दाराबाहेर सिमेंटचा ओटा आणि त्यावर सकाळ-संध्याकाळ माणसं ठाण मांडून. येणाऱ्याजाणाऱ्याची पिशवी बघणार, आज काय रांधलं विचारणार, वरण-भात म्हटलं की "आहा रे!" करून, पानात मासा नाही म्हणून हळहळणार. कामंधामं नाहीत का ह्यांना, असं मी तुझ्याकडे किती वेळा कुरकुरले असेन!

हे गार्डन रीचच्या ऑफिसातून रिटायर झाले तेव्हापासून संध्याकाळी फिरायला जायचे. कोपऱ्यावर चहा, मग मिठाईच्या दुकानापर्यंत, मग परत. मी तुला मोठ्या तोऱ्यात सांगायचे, ह्यांचं फिरणं म्हणजे घड्याळ लावून घ्यावं.

घर सोडायच्या दिवशी समोरच्या सुधादी आल्या. त्या शाळेत शिकवायच्या, आता दिवसभर ओट्यावर बसतात. माझा हात धरून म्हणाल्या, "वृंदा, तिकडे ह्यांना वळवणार कोण?"

मला काही कळेना. वळवणार म्हणजे?

मग त्यांनी सांगितलं. गेल्या वर्षीच्या पूजेला गल्लीत मांडव घातला, तेव्हा हे मांडवापाशीच गोंधळून उभे राहिले. मांडव निघाला तरी ह्यांना घराचं दार काही सापडेना. मग ओट्यावरचं कुणीतरी उठायचं, ह्यांच्या कोपराला हात लावायचं, "मेशोमशाय, बाडी एदिके", काका, घर इकडे, म्हणून घराकडे तोंड करून द्यायचं. पुढच्या ओट्यावरचा माणूस पुढचं बघायचा. चहा पिऊन झाल्यावर पुन्हा मागितला तर अर्धा कप द्यायचा, असं सगळ्यांनी मिळून ठरवलेलं. हे मराठीत बोलायचे, ते बंगालीत उत्तर द्यायचे, कुणाचं काही अडत नव्हतं. आणि मी आत कुकर लावून वाट बघत असायचे. हे दारात आले की मी म्हणायचे, आज जरा उशीर झाला वाटतं.

अगं, वर्षभर मला पत्ता नाही! मी सुधादींवर चिडलेच. मला सांगितलं का नाही? तर म्हणाल्या, "आम्हाला वाटलं, तुला माहीत आहे आणि तू बोलत नाहीस." दोघी रडलो मग.

इथे आल्यावर सगळं उघडं पडलं. इथे ओटे नाहीत, उषा. लिफ्टमध्ये माणसं असतात, ती फोनमध्ये बघत असतात. वाईट नाहीत बिचारी. पण कुणाला हात लावून वळवावं असं इथे कुणाच्या मनात येणार नाही, आणि आलं तरी कुठल्या टॉवरकडे वळवणार? डॉक्टरांकडे नेलं. आजार बराच पुढे गेलाय म्हणाले. मी तुला "थोडं विसरतात" म्हणत होते, ते थोडं नाही.

आता शुक्रवारचं सांगते. हे सांगायलाच बसलेय आणि मगाचपासून चकल्या नि माकडटोप्या चाललंय माझं.

दुपारी मी आंघोळीला गेले होते. बाहेर आले तर दार सताड उघडं. गाऊनवरच ओढणी टाकली आणि खाली पळाले, चप्पलसुद्धा नाही, फोन नाही. नंतर कळलं, हे खाली उतरून बागेत गेले आणि परत येताना शेजारच्या टॉवरमध्ये शिरले. मजला बरोबर, दाराचा रंग तोच. बेल वाजवली, दार उघडलं तसे सरळ आत गेले आणि सोफ्यावर बसून पाणी मागितलं. ती मुलगी घरात एकटी होती, घाबरली, तिनं सिक्युरिटीला बोलावलं. तिचीही काही चूक नाही गं.

गेटवरच्या केबिनमध्ये प्लास्टिकच्या खुर्चीवर बसवलं होतं. मला बघून उठतील असं वाटलं. उठले नाहीत. वॉचमन सुमित नवाच होता, मला ओळखत नव्हता. नियमाप्रमाणं ओळख पटल्याशिवाय सोडणार नाही म्हणाला. मी अशी अनवाणी, केसांतून पाणी गळतंय, त्याला तरी काय वाटलं असेल! त्यानं नीट वाकून ह्यांना हिंदीत विचारलं, "दादू, ये आपकी कौन हैं?"

ह्यांनी माझ्याकडे बघितलं. चांगलं निरखून बघितलं, उषा. आणि म्हणाले, "मी ह्या बाईला ओळखत नाही."

मराठीत म्हणाले. सुमितनं मला विचारलं, "की बोलछेन?" काय म्हणतायत?

मी म्हटलं, "म्हणतायत, ही माझी बायको आहे, मला भूक लागलीय, घरी जायचंय."

त्यानं सोडलं. मी ह्यांचा हात धरला, हे मुकाट्यानं आले. लिफ्टमध्ये मला अदबीनं विचारलं, "आपण कितव्या मजल्यावर राहता?"

जेवताना पुन्हा "वृंदा, मीठ दे" म्हणाले, सगळं पूर्ववत. पण मला स्वतःच्याच नवऱ्याला पळवून आणल्यासारखं वाटतंय. चार दिवस झाले, शौनकला सांगितलेलं नाही.

आता पुण्याचं. तू कधीपासून म्हणतेयस, खालचा फ्लॅट रिकामा आहे, दादाला इकडे आण, आपल्या माणसांत राहील, कानावर आपली भाषा पडेल, खुलेल तो. शौनकही मागे लागलाय. मी टाळत होते, आणि तुला वाटलं वहिनीला कोलकाता सोडवत नाही. तसं नाही गं. मला भीती त्याच आपल्या भाषेची वाटते. इथे हे मला बाई म्हणाले आणि मी बंगालीत बायको करून सांगितलं, निभावलं. पुण्यात ह्यांचा शब्दन् शब्द सगळ्यांना कळणार. वॉचमनला, दूधवाल्याला, जिन्यातल्या बायकांना. तुला. इतकी वर्षं ज्यांच्याबरोबर संसार केला त्यांनी चारचौघांत मला नाकारायचं आणि मी नुसतं उभं राहायचं, हे मला सोसेल का, कळत नाही. लाज वाटते, आणि लाज वाटते ह्याचीही लाज वाटते.

पण इथे ठेवलं तर ह्यांना कोंडायला लागेल. शनिवारपासून मी दाराला आतून कुलूप लावते आणि हे कडी हलवत उभे राहतात. ते बघवत नाही. म्हणून डिसेंबरात आम्ही येतोय.

येण्याआधी एक कर. तुमच्या रस्त्यावर फिर आणि सगळ्यांना सांग, माझा दादा येतोय, तो वाट चुकेल, त्याला हात लावून वळवा. लाजू नकोस. तुमच्या सोसायटीत ओटे नसतील तर गेटपाशी दोन खुर्च्या टाक आणि संध्याकाळी तिथे बस. लोक नावं ठेवतील. ठेवू देत, मीही ठेवायचेच.

आणि कधीतरी तुझ्यासमोर तुझा दादा विचारेल, ही बाई कोण? विचारेलच. तेव्हा रडू नकोस, त्याला समजावत बसू नकोस. फक्त मला हाक मार. नावानं नको, नेहमीसारखी वहिनी म्हणून मार, मोठ्यानं, सगळ्यांना ऐकू जाईल अशी. मी ओ देईन.

तुझी,
वहिनी