घुमऱ्या गप झाल्या

ता. २ डिसें. १९८६, मंगळ.
आधी आली जैबुन, बांगड्याचं टोपलं डोक्यावर घेऊन. मंग कुत्रे भुकले. मंग दिसले ते नागपूरवाले दोघं, चष्मेवाली बाई अन् तिचे सर. जैबुन दारातूनच म्हणे, "शेवंते, चाय ठेव. कालिजातली मास्तरीण हाये, अन् हातात एक बांगडी नाई!" तिथंच बसवून हिरव्या भरल्या. बाईनं मुकाट भरून घेतल्या. गुणाची हाये.
आमच्या टेकडीच्या भुयारातल्या गाणाऱ्या घुमऱ्या पाहाले आले. बाई म्हणे अशा दुसरीकडं कुठीच नाईत. मले इतकी खुशी झाली का चायत दोनदा साखर पडली. सून कमल बाजेवरून हसे. नात निजली होती, माझी सोनी. नाव ठेवाचं हाये अजून.

ता. ३, बुध.
भुयारात नेलं. दिवा न्यायचा नाई, पुढचीचा पदर धरून जायचं. सर कोणाचा पदर धरन? त्याईले माझ्या लुगड्याची चिंधी दिली, बकरीवानी आले मागं.
पाण्यापाशी बसलो. बाईच्या हातावर एक घुमरी आली. भिजवलेल्या कणकीच्या गोळ्यावानी अंग, डोळे नाईत. आधी एक खालच्या गळ्यानं घुमते, मंग साऱ्या. साऱ्या जमल्याबिगर सुरू करत नाईत. एखादी मेली अन् तिचं अंग पाण्यावर आलं, का थोडे दिवस गप, मंग पुन्हा गायले लागतात. बाई रडली. काऊन रडते, इचारलं तं चष्मा काढून पुसला.
गावातलं लेकरू सव्वा महिन्याचं झालं का तिथं नेऊन ऐकवतो. माझा देविदास ऐकून हसला होता. आता सोनीची पाळी.

ता. ५, शुक्र.
टेकडीच्या पल्याड खाण हाये, त्या खाणवाल्याईनं आमच्या अंगालेबी लाल निशाणं मारली. सुरुंग लावतात म्हणे. भुयार राह्यत नाई मंग.
बाई म्हणे टेपच्या पेटीत भरलेला आवाज कोणी मानत नाई, बेडकं हायेत म्हणतील. सरकारले एक जित्ती दाखवली तं काम थांबन. जैबुन मधातच, "नको देऊ वं. आजवर कोणी भाईर काढली काय?" मी म्हटलं, साऱ्या जाण्यापरीस एक जाऊन आलेली बरी. मीच उचलली. ओल्या मडक्यात ठेवली, वरून ओलं फडकं. बाईनं हात धरला, "आजी, पंधरा तारखेला, सोमवारी, मी स्वतः आणून सोडते."

ता. ६, शनि.
सकाळी विहारात जाऊन मेणबत्ती लावली. साऱ्या बाया पांढऱ्या लुगड्यात. तिथून भुयारात. गप. वाटलं झोपल्या असतीन.

ता. ९, मंगळ.
आजबी गप. कापूस येचताना ध्यानात आलं. मेलीचं अंग दिसते, तं त्याईले समजते. हिचं अंगच नाई. वाट पाहून राह्यल्या.
जैबुनले सांगतलं. म्हणे, "मले काय सांगतं, त्या घुमऱ्याईले सांग."

ता. ११, गुरु.
चंद्रपूरचा साहेब आला जीपमधून, संगं खाणवाले. बाईनंच सांगतलं होतं त्याले, एकदा जाऊन ऐका म्हणून. भला मानूस, बत्ती विझव म्हटलं तं विझवली. बसला. पाणी ठिपकत होतं, बस.
"आजी, कुठी गाते कोणी?"
म्या सांगतलं, एक नागपूरले गेली, ते आल्याबिगर ह्या गात नाईत. खाणवाला म्हणे, "म्हंजे मास्तर रजेवर, शाळा बंद!" सारे हसले. मलेबी हसू आलं, मेलं. साहेब जाताना म्हणे, मी तं काईच आयकलं नाई, मी काय सांगू वरती?
सोमवारी दुपारी सुरुंग.

ता. १२, शुक्र.
देविदास गडचांदूरले जाऊन फोन करून आला. बाई कालिजात नाई. कुठी गेली ते कोणाले माईत नाई. निरोप ठेवला. मडक्यातलं पाणी बदलत असन का ते? हे सांगाचं राह्यलंच.

ता. १४, रवि.
चार पाण्यावर तरंगून राह्यल्या. कोंडा टाकला तो तसाच. बाकीच्या एकमेकीले चिकटून. मेल्या तरी दुसऱ्या लागल्या नाईत गायले.
घरी सोनीपाशी बसून तशी घुमून पाह्यली. एका गळ्यानं होत नाई ते. तरी पोट्टी टकमक पाहे. लय गोड पाह्यते. कमलले म्हटलं, उद्या नेऊ काय हिले? कमल म्हणे, "आत्याबाई, उद्या तिथं माझं लेकरू न्यायचं नाई." बरोबरच हाये तिचं.

ता. १५, सोम.
भाकर बांधली, मिरचीचा ठेचा. टेकडीवर लाल झेंडा लागला. मी भुयारात जाऊन बसते. देविदास बोंबलला, म्हटलं तू सडकेवर उभा राह्य, गाडीतून मडकं घेऊन बाई उतरली का पळत आण. आत बुढी बसली हाये हे खाणवाल्याले सांगून ठेव.
जैबुन दारात हाये. टोपलं घरीच ठेवून आली. "चाल ना वं, का ऊन उतराची वाट पाह्यतं?"
सकाळची गाडी गेली. कोणी उतरलं नाई. दुपारची हाये अजून. बाईनं सोमवार म्हटलं होतं. आज सोमवार हाये.