काचेमागचं पान

माजुली, ९ फागुन

दादा,

वर्षभर लिहिलं नाही, क्षमा कर.

सांचीच्या झाडाच्या सालीवर लिहिलं की लिहिणाऱ्याचं मन तिच्यात उतरतं आणि तिला हात लावून शिवणाऱ्याला कळतं. म्हणून श्राद्धाला आपण सगळे गेलेल्या माणसाने लिहिलेलं शेवटचं पान शिवतो. आईचं पान तू आधीच गुवाहाटीला तुझ्या घरी नेऊन काचेत मढवलंस.

परवा पाहुण्यांसमोर म्हणालास, "रूनू, हात नको. डाग पडतात."

"आईला शिवायला तिकीट काढू का रे?"

"तमाशा नको!"

तू ते शिवून पाहिलंस. तुझी वाट बघत ती किती तळमळली, ते तुला सोसलं नाही. माझ्या रागात हेवा आहे का? थोडा आहेच. पण तुझ्या मुलीला, मामोनीला, आजीची मायाही तू कळू दिली नाहीस.

हे पाठवत नाही. पाठवलं तर कुलूप लावशील.

रूनू

उद्या: बाप घरी कधी नसतो, ते मामोनीला विचारायचं.