आबांनी प्यालेलं सत्यासव

२ मे
आजपासून रोज कादंबरीचं एक पान. काही झालं तरी. तमालगडचं राज्य, दोन राजघराणी, उडणारे घोडे, सगळं डोक्यात पक्कं आहे. अडलंय फक्त सत्यासवापाशी. हे पेय प्यालं की तमालगडच्या माणसाच्या तोंडून मनातलंच बाहेर पडतं. पण त्याची चव कशी? अंगात कसं भिनतं? अनुभव न घेता लिहिणं म्हणजे वाचकाची फसवणूक. मला फसवणूक जमत नाही.
अर्पिता पोस्टातून दमून आली. म्हटलं, घरीच एक प्रयोग करावा म्हणतो. म्हणाली, आधी गॅसची टाकी बदला.

४ मे
सत्यासव तयार! दारू अजिबात नाही, तत्त्व म्हणजे तत्त्व. गोकर्णाच्या फुलांचा निळा रंग, गूळ, खसखस, जायफळ. जायफळ जरा जास्तच पडलं. पण राजघराण्याचं पेय मिळमिळीत असून कसं चालेल? चार घोट घेतले आणि नोंदी करायला बसलो. जाग आली तेव्हा अर्पिता दिवे लावत होती. नोंद एकच: "मऊ."
उरलेलं बाटलीत भरून फ्रिजमध्ये ठेवलं. लेबल सुंदर अक्षरात हवं, म्हणून उद्या लावणार.

५ मे
भूमहून सासरे आले, आम्ही त्यांना आबा म्हणतो. सोबत मेहुणी निकिता. उद्या नळदुर्गचे पाहुणे तिला बघायला येणार. आमचं बेंबळी गाव दोघांनाही सोयीचं, म्हणून कार्यक्रम आमच्याकडं. आबांनी जन्मात सुपारीसुद्धा चघळलेली नाही. गुळाचा चहा, एवढंच व्यसन.
अर्पितानं फ्रिज आवरायला सांगितलाय. सकाळी आवरतो.

६ मे, सकाळ
वाईट झालं. मी बर्फी आणायला गेलो होतो. आबा उन्हातून आले, फ्रिज उघडला आणि दोन ग्लास प्याले. निकिताला म्हणाले, "सरबत ब्येस हाय, पर जरा कडसर लागतंय."
बाटली मी लगेच मोरीत ओतली. पुरावा नष्ट केला असं कुणी म्हणेल, पण आणखी कुणी पिऊ नये हा हेतू.
सांगायला पाहिजे. पण पाहुणे दारात आलेत. कार्यक्रम उरकला की सांगतो. नक्की.

६ मे, संध्याकाळ
मी स्वयंपाकघरातच थांबलो होतो, कुकरकडं लक्ष ठेवायला. एरवी आबा चार शब्द बोलत नाहीत, आज थांबायलाच तयार नव्हते. काय बोलत होते ते शिट्ट्यांत कळलं नाही. मग एकदम सगळं शांत. बाहेर येऊन बघतो तर मुलाचे वडील बलभीमराव यांच्या खांद्यावर मान टाकून आबा गाढ झोपलेले. बलभीमराव बिचारे कप हातात धरून, न हलता बसलेले.
हलवून हलवून उठेनात. गाडीत घालून दवाखान्यात नेलं. सलाईन लावलं. अर्पिता रडत होती. मी धीर देत होतो, पण दर दोन मिनिटांनी डॉक्टरांना "उठतील ना?" असं मीच विचारत होतो. तर तीच मला म्हणाली, "किती जीव लावता हो तुम्ही आबांना."
उद्या सांगतो.

७ मे
आबा ठणठणीत. डॉक्टर म्हणाले, ऊन लागलं असेल, वयही झालंय, गोड बंद करा. म्हणजे गुळाचा चहा बंद. अर्पितानं बिनगुळाचा दिला. आबांनी एक घोट घेतला आणि कप खाली ठेवला. मला ते बघवेना. म्हणून चौकात जाऊन चहा प्यालो. दोन झाले.

८ मे
गल्लीत चर्चा: म्हातारा पिऊन बसला होता. शेजारच्या उत्तरेश्वरनं मला अंगणातच गाठून विचारलं, "तुमचं सासरं घेत्यात का वो?" मी ठामपणे "छे" म्हणालो. अजून ठाम म्हणता आलं असतं. आबा खिडकीतच होते. दुपारपासून ते अंगणात आले नाहीत.
आता माघार नाही. आज जेवणं झाली की सगळ्यांसमोर सांगणार.

(जेवणात हुलग्याचे शेंगोळे होते. जड झाले. पडलो.)

९ मे
नळदुर्गहून फोन. होकार! बलभीमराव म्हणाले, तुमच्या आबांएवढा खरं बोलणारा माणूस लई दिवसांनी बघितला, अशा घरची पोरगी डोळे झाकून करायची. त्यांच्या मुलाला, युवराजला, निकिता आवडली आहेच, निकिताचंही हो आहे. म्हणजे नीट विचार केला तर हे लग्न माझ्यामुळं जमलं. दिवसभर बरं वाटलं.
फक्त आबा काय खरं बोलले, ते कुणी सांगेना. निकिता हसू दाबत पाणी आणायला जाते. अर्पिता विषय बदलते.

१० मे
आबांनी मला बाजूला बोलावलं. ठरवलं, हीच वेळ. तोंड उघडणार, तोच त्यांनी हात जोडले.
म्हणाले, "इंद्रजितराव, माफी करा. त्या दिवशी मला काय झालं म्हाईत न्हाय. पाव्हण्यांम्होरं बोलून गेलो की थोरलीला पुस्तक लिवणारा नवरा बघितला, पर पुस्तकाचं पान काय दिसलं न्हाय. पोरगी एकटी राबतीया. तवा धाकटीला कष्टाचं पोरगं पायजे. तुमच्याच घरात बसून तुमचा अपमान केला मी. असं कसं बोललो, मलाच कळंना."
डोळ्यांत पाणी होतं त्यांच्या.
मी म्हणालो, "जाऊ द्या आबा. मी मनावर घेतलं नाही."
म्हणजे मी त्यांना माफ केलं.
यापुढं काही लिहवत नाही.

११ मे
आबा आणि निकिता परत निघाले. स्टँडवर सोडायला मी एकटाच गेलो, मुद्दाम. बसायला जागा होती, गाडीला वेळही होता. हवापाण्याचं बोललो. गाडी हलली तेव्हा मात्र खिडकीबरोबर पळत सांगून टाकलं: आबा, ते सरबत मी केलं होतं! जायफळाचं! तुम्हाला काही झालेलं नाही!
इंजिनाचा दणदणाट. आबांनी कानाला हात लावला, मान डोलावली. "व्हय व्हय, पोचल्यावर फोन लावतो."
सांगितलं तर आहे. ऐकू जाणं माझ्या हातात नव्हतं.

संध्याकाळी फोन आला. अर्पिता म्हणाली, आबा पोचले, तुमच्याशी बोलायचं म्हणतात. मी खुणेनं सांगितलं, आंघोळीला गेलेत म्हण. मग ती खोटी पडू नये, म्हणून आंघोळ केली.