पेटी कुणाला, चाल कुणाची

मी, भगवानराव राघोबा बिरादार, राहणार निर्णा, वय अदमासे सत्तावन्न. धंदा मुक्या सिनेमाला पेटी वाजवणे. सिनेमा बोलू लागल्यापासून गप्प बसणे. डोके ठिकाणावर आहे, कान त्याहून बरे आहेत. हे मृत्युपत्र कुणाच्या दडपणाखाली लिहीत नाही. पत्नी वच्छलाबाई चुलीपाशी आहे तोवर लिहून घेतो.

१. घर आणि पाच एकर जमीन वच्छलाबाईची. पुतण्या उद्धवरावाने जमीन कसावी व अर्धे पीक तिच्या दारात टाकावे. तिला विचारल्यावाचून दारचा लिंब तोडू नये.

२. लिंगाप्पाच्या फिरत्या तंबूत मी बारा वर्षे पेटी वाजवली. पडद्यापुढे पुरुष बसत, पडद्यामागे बायका. पुढची जागा तिकिटाची, म्हणून पेटीही मागेच. त्यामुळे मी सगळे सिनेमे उलटे पाहिले. एकदा पुढून पाहिला, तर नायक डावरा नाही हे कळून वाईट वाटले. माझे दोन्ही हात सुरांवर असत, म्हणून भाता वच्छलाबाई मारी.

३. चौदा वर्षांपूर्वी लिंगाप्पाने जुना कॅमेरा आणून स्वतःचाच सिनेमा काढला. ना मुंबईची कंपनी, ना सावकार. नायिका मिळेना, म्हणून बराच वेळ तिची घागरच दाखवली. लेक सासरी निघते तिथे माझ्या पेटीवरच्या चालीने चिटगुप्प्यापासून खजुरीपर्यंत बाया रडल्या. जाहिरातीच्या पाटीवर ईरण्णा रंगाऱ्याने सगळ्यांची नावे लिहिली, गाडीच्या बैलाचेसुद्धा. माझे नाही. विचारले तर लिंगाप्पा म्हणाला, "अण्णा, चाल ऐकू येती, दिसत न्हाई. नाव कामून लिहायचं?" तेव्हापासून अबोला. माझ्या तेराव्याला त्याला शेवटच्या पंगतीत बसवावे, असे इथे लिहिले होते. ते खोडले आहे. कारण पुढे.

४. ती चाल माझी नाही. त्या प्रसंगाला मला काही सुचेना, एकच सूर दाबून बसलो होतो. भाता मारता मारता वच्छलाबाई गुणगुणू लागली. स्वतःच्या पाठवणीला सासऱ्यांच्या धाकाने ती रडली नव्हती. ते तेव्हा बाहेर आले असावे. माझी बोटे तिच्या मागून गेली. लोकांनी वाहवा केली, मी उठून हात जोडले. लिंगाप्पाला मी जे विचारले, ते तिने मला एकदाही विचारले नाही. मला याची लाज वाटते.

५. म्हणून पेटी तिची. माझ्यामागे ईरण्णाने 'चाल वच्छलाबाईची' अशी पाटी रंगवावी व लिंगाप्पाने ती तंबूपुढे, पुरुषांच्या बाजूला लावावी.

साक्षीला दोघांना निरोप धाडून बोलावले आहे.

साक्षीदार
१. लिंगाप्पा, तंबूवाले. वाचलं. पाटी येत्या बाजारादिवशीच लावतो. तुमी मरायची वाट कामून बघायची?
२. ईरण्णा, रंगारी. अक्षर मोठं काढतो.

ता. क. लिंगाप्पाने मोठ्याने वाचल्यामुळे वच्छलाबाई बाहेर आली. म्हणाली, "मग पेटी आताच द्या. मी वाजवते. भाता तुमी मारा."

मारतो आहे. सही त्यामुळे वाकडी आली आहे, ती ग्राह्य धरावी.

भगवानराव राघोबा बिरादार
मु. निर्णा, मार्गशीर्ष शुद्ध पंचमी, फसली सन १३५६