शनिवारचा सामना

एडिसन, न्यू जर्सी
६ ऑक्टोबर १९८५

ती. दादास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र येऊन बरेच दिवस झाले. उशीर झाला म्हणून कुरकुरत असशील, पण आज तुला आवडेल असंच काहीतरी लिहायला बसले आहे.

आधी घरचं. चारुदत्तांची नवी नोकरी बरी चालली आहे, फक्त ड्राइव्ह फार लांबचा पडतो. रुपाली कॉलेजच्या ॲप्लिकेशनमध्ये बुडाली आहे. आम्ही मराठीत विचारतो, ती इंग्रजीत उत्तर देते, आणि तेही जिन्यावरून. शेजारच्या आयसेलिन गावात एका गुजराती माणसानं दुकान काढलंय, तिथे चांगला गूळ मिळू लागला. यंदा दिवाळी थोडीफार दिवाळीसारखी होईल.

आता मुख्य गोष्ट. दर मंगळवारी मी कार्नी नावाच्या गावात एका वृद्धाश्रमातले पेशंट तपासायला जाते. तिथे मिस ॲनी पिलिंग म्हणून शहाऐंशी वर्षांच्या बाई आहेत. कमी बोलतात, औषध मुकाट्यानं घेतात. त्यांच्या पलंगाशी भिंतीवर एक जुना फोटो आहे. अकरा मिशीवाले पुरुष, गुडघ्याखाली पोचणाऱ्या विजारी, हाताच्या घड्या, आणि फोटोवाल्यानं काही वावगं बोलावं तसे चेहरे. मी सहज म्हटलं, माझा थोरला भाऊ कोल्हापुरात फुटबॉल खेळायचा, सेंटर हाफला. बाईंनी चष्मा लावला, मला पहिल्यांदाच नीट पाहिलं आणि म्हणाल्या, मग बसा डॉक्टर. मधला तो माझा बाप, तोही सेंटर हाफच.

वॉल्टर पिलिंग. जन्म १८६४, इंग्लंडात लँकशर भागातलं एक गिरण्यांचं गाव. आईबाप दोघं मागावर. हाही दहाव्या वर्षापासून सकाळी गिरणीत आणि दुपारी शाळेत, तिथे मात्र बाकावर झोपायचा. पायात लाकडी तळाचे बूट, गल्ली दगडांची, आणि चेंडू म्हणजे खाटकाकडून आणलेल्या डुकराच्या मूत्राशयाचा फुगा. विशीत आला तेव्हा पैसे घेऊन फुटबॉल खेळणं नुकतंच नियमात बसलं होतं. सभ्य लोक नाकं मुरडायचे, म्हणायचे खेळ बाटला. वॉल्टरच्या आईनं मात्र विचारलं एवढंच, की म्हणजे आता तुला कापसाची धूळ खावी लागणार नाही ना. नाही, म्हणाला. मग खेळ, म्हणाली.

डोक्यानं चेंडू मारण्यात त्याचा हात धरणारं कोणी नव्हतं. (असा विनोद तुला सुचला असता, म्हणून तुझ्या वतीनं मीच केला.) तेव्हाचा चेंडू जाड कातड्याचा, पावसात भिजला की दगड. शिवणीवरच्या वादीनं कपाळ फाटायचं. तुझ्या कपाळावरही तशी खूण आहे, हे मी सांगितलं तर बाई हसल्या नाहीत. पुढचं पुढल्या मंगळवारी, म्हणाल्या.

वहिनींना नमस्कार. तुझी माया अशीच माझ्या वाट्याला येत राहो.

तुझी,
पद्मा


मंगळवार पेठ, कोल्हापूर
२७ ऑक्टोबर १९८५

चि. पद्मास अनेक आशीर्वाद.

पत्र वाचलं आणि सबंध पेठेला वाचून दाखवलं. पिलिंग आता आपल्या तालमीच्या फुटबॉल संघाचा खेळाडू झाला आहे असं समज. पण तू अर्ध्यावरच सोडलंस. त्याची उंची किती? डावा पाय चालायचा का? पाठीमागे दोनच गडी ठेवून खेळत होते की काय? डॉक्टर झालीस, पण विचारायचं ते विचारत नाहीस. कप जिंकला की नाही ते आधी कळव.

आमचा चेंडूही काही मऊ नव्हता. पावसाळ्यात दोन दिवस कानात भुंगा बसल्यासारखं व्हायचं. पण चेंडू वर उडाला की खाली येईपर्यंत जगात दुसरं काही नसे. ते त्या बाईंना सांग. वडिलांकडून त्यांनी ऐकलंच असेल.

बँकेतून वर्षभर आधीच निवृत्ती घेतली. आकड्यांचा कंटाळा आला. मालिनी म्हणते घरात पायात पायात येतो. तिचं चालायचंच.

तिथे थंडी सुरू झाली असेल. चारुदत्तरावांच्या मातोश्रींच्या गुडघ्यांना जप, त्यांना माझा साष्टांग नमस्कार. रुपालीला म्हणावं, मामाला एक ओळ मराठीत लिही.

उंची कळवायला विसरू नकोस. इथून आशीर्वाद आहेतच.

तुझा,
पुरुषोत्तमदादा


एडिसन
२४ नोव्हेंबर १९८५

ती. दादास,
सा. न. वि. वि.

उंची बेताचीच, पण उडी अशी की लोक म्हणत याच्या बुटांत स्प्रिंग आहेत. डावा पाय नुसता उभं राहण्यापुरता. आणि हो, कप जिंकला.

तो सामना मिस पिलिंगनी आईच्या तोंडून इतक्यांदा ऐकला आहे, की सांगताना त्या मैदानाच्या कडेला उभ्या असल्यासारख्या वाटतात. मार्च महिना, सगळा चिखल. पूर्वार्धात वॉल्टर आणि समोरचा एक धिप्पाड गडी एकाच चेंडूला उडाले आणि डोक्यावर डोकं आपटलं. वॉल्टर पडला तो उठेना. बाहेर नेऊन तोंडावर बादलीभर पाणी मारलं. तेव्हा बदली खेळाडू नसत. थोड्या वेळानं तो आपणहून उठला, चालत आत गेला, आणि शेवटी शेवटी डोक्यानंच गोल केला. गावकऱ्यांनी बग्गीचे घोडे सोडले आणि स्वतः ओढत त्याला घरी आणलं. पेपरात त्याच्या हिमतीवर रकानाभर मजकूर आला. रात्री जेवताना त्यानं बायकोला हळूच विचारलं, आज कोण जिंकलं. तो गोल त्याला जन्मात कधी आठवला नाही. लोक त्याचं वर्णन करत, तेव्हा तो दुसऱ्याची गोष्ट ऐकावी तसा ऐकायचा.

तिशी उलटल्यावर क्लबनं एका उन्हाळ्यात त्याचं नाव यादीतून काढलं. कोणी घरी येऊन सांगितलंसुद्धा नाही. मग दारूचा गुत्ता चालवला. पण गिऱ्हाईक पैसे न देता गप्पा मारून जायचं, आणि याला कोणाला नाही म्हणता येत नसे. शेवटी बायकोला घेऊन बोटीत बसला आणि इथे कार्नीला आला. इथल्या दोऱ्याच्या गिरणीत लँकशर-स्कॉटलंडची माणसं ढिगानं होती, आणि त्यांची फुटबॉलची टीमही होती. तोही तिथेच कामाला लागला आणि गिरणीच्या मैदानावर चाळिशीपर्यंत खेळला. ॲनीबाईंचा जन्म इथलाच. बाप कधी तिच्यावर हात उगारत नसे, रविवारी बुटांना चरबी चोळत तिला शेजारी बसवून घेई. माझी पहिली आठ-दहा वर्षं फार सुखाची गेली, म्हणाल्या. तिथे त्या थांबल्या.

दादा, एक विचारते. माझ्या सासूबाई दोन वर्षांपूर्वी गेल्या. तेराव्याला तू स्वतः पुण्याला गेला होतास. लिहिण्याच्या भरात झालं असेल. पण तुझी झोप, ब्लडप्रेशर कसं आहे ते कळव. डॉक्टर म्हणून नाही, बहीण म्हणून विचारते.

माझ्यावरचा तुझा हक्क तसाच चालू ठेव.

तुझी,
पद्मा


कोल्हापूर
२ जानेवारी १९८६

चि. सौ. पद्मास अनेक आशीर्वाद.

हे पत्र मी लिहिते आहे याचं तुला नवल वाटेल. आधी तुझे दादाच लिहायला बसले होते. तीनदा कागद घेतला, तिन्ही वेळा 'चि. पद्मास' एवढंच लिहून उठले. तुझं पत्र रोज वाचून घेतात आणि रोज विचारतात, पद्माचं पत्र आलं का.

तू विचारलंस म्हणून सांगते. निवृत्ती त्यांनी घेतली नाही. रक्कम दोनदा चुकली, तेव्हा मॅनेजरांनी मला बोलावून, चहा देऊन, फार सभ्यपणे सांगितलं की आता घरी बसवा. तुला कळवायचं नाही असं यांनी बजावलं होतं. नंतर बजावल्याचंही विसरले. गणपतीत भाजी आणायला गेले ते संध्याकाळी रंकाळ्यावर सापडले. कुठे चाललात विचारलं, तर म्हणाले मैदानावर. तेव्हापासून मी दाराला कुलूप लावते. कुलूप दिसलं की ते वेगळेच होतात. परवा खिडकीची काच फोडली, हाताला टाके पडले. मला म्हणाले, तुम्ही मला का कोंडलंय. एकतीस वर्षांच्या संसारात त्यांनी मला अहो-जाहो केलेलं मी पहिल्यांदा ऐकलं.

इथले डॉक्टर म्हणतात वय झालं. साठीला कसलं गं वय.

एक विचारू का? ती म्हातारी थांबली म्हणतेस, तिथून पुढे काय झालं? मला वाटतं तुला माहीत आहे आणि तू लिहीत नाहीस. मला लिही. मी त्यांना वाचून दाखवणार नाही.

थकले आहे, पण तुझी आठवण काढली की बरं वाटतं. आमच्यात जीव ठेव.

तुझी,
मालिनीवहिनी


एडिसन
१९ जानेवारी १९८६

ती. सौ. वहिनींस,
सा. न. वि. वि.

तुमचं पत्र मिळालं. तुम्ही ओळखलंत ते खरं आहे. मला माहीत होतं, आणि दादाला लिहिण्याचा धीर झाला नाही.

पन्नाशीच्या आतबाहेर वॉल्टरचं बिघडत गेलं. आधी गिरणीतलं रोजचं काम विसरला, मग घराचा रस्ता, मग बायकोचं नाव. ॲनीबाई ठाम आहेत की हे चेंडूनं केलं. मी छातीठोक सांगू शकत नाही. मुष्टियोद्ध्यांचं असं होतं हे पुस्तकात आहे, फुटबॉलवाल्यांचं अजून कोणी नीट पाहिलेलं नाही. दादाचं कशानं झालं तेही सांगता येणार नाही. यावर औषध नाही, हे मात्र तुमच्यापासून लपवत नाही.

शनिवार आला की वॉल्टर दुपारी कपडे करून तयार व्हायचा. सामना आहे म्हणायचा. आई दार बंद करायची, तो दारावर डोकं आपटायचा. शेजारच्यांनी वेड्यांच्या इस्पितळाचा पत्ता आणून दिला. ॲनी तेव्हा सोळा-सतरा वर्षांची. आईनं तो पत्ता चुलीत टाकला आणि पुढच्या शनिवारी दार उघडून दिलं. स्वतः शाल घेऊन मागे निघाली, मुलगीही निघाली. तो थेट गिरणीच्या मैदानावर गेला. मैदान रिकामं होतं. तो मधोमध उभा राहिला आणि मेलेल्या सोबत्यांना नावानं हाका मारू लागला, तू डावीकडे सरक, तू मागे थांब. त्याला कोणाचंच नाव आठवत नसे, पण ती दहा नावं चुकली नाहीत. मग दमून परत आला आणि चहा मागितला. बायकोनं विचारलं, काय झालं सामन्याचं. जिंकलो, म्हणाला.

चार वर्षं त्या दोघी दर शनिवारी गेल्या. बर्फातसुद्धा. ॲनीबाईंचं लग्न ठरत होतं, ते त्यात राहून गेलं. मी विचारलं, वाईट वाटतं का. म्हणाल्या, वाटतं की. पण तो घरात, आपल्या पलंगावर गेला. निमोनियानं.

त्यांनी तुमच्यासाठी निरोप दिला आहे. ते जे म्हणतील त्याला नाही म्हणू नका, दुरुस्त करू नका. कुलूप काढा आणि सोबत चाला. माझ्या वैद्यकीत याहून शहाणं काही नाही.

मी एप्रिलचं तिकीट काढलं आहे. तोवर एकट्या आहात असं समजू नका, आणि मला परकी मानू नका.

तुमची,
पद्मा


कोल्हापूर
९ मार्च १९८६

चि. सौ. पद्मास अनेक आशीर्वाद.

कुलूप काढलं. पहिल्या दिवशी किल्ली दोनदा परत कमरेला खोचली. आता संध्याकाळी आम्ही दोघं मैदानावर जातो. मी दोन पावलं मागून चालते. तिथे पोरं सराव करत असतात. हे पायरीवर बसतात आणि चेंडू जाईल तशी मान वळवतात. चेंडू उंच उडाला की अर्धे उठतात, मग परत बसतात. ओरडणं, काचा फोडणं थांबलं आहे. रात्री झोपही लागते. तब्येत मात्र उतरते आहे, जेवण कमी झालंय. एप्रिलमध्ये तू येशील तेव्हा तुला ओळखतीलच असं नाही. मनाची तयारी करून ये.

तुला खरं सांगते, लग्न झाल्यापासून मी त्यांचा एकही सामना पाहिला नव्हता. पहिल्याच वर्षी एकदा रक्तानं भरलेला शर्ट घेऊन घरी आले, तेव्हा मी जी धास्ती घेतली ती घेतलीच. सामन्याच्या दिवशी देवापुढे बसून राहायची, ते येईपर्यंत पाणीसुद्धा प्यायची नाही. त्यांना त्यातलं काही कळत असेल असं मला कधी वाटलं नव्हतं. आले की हसत जेवायला बसायचे.

काल परत येताना गल्लीच्या तोंडाशी थांबले. मला म्हणाले, बाई, तुम्ही रोज माझ्याबरोबर येता, फार उपकार आहेत. पण एक विनंती आहे. समोर माझं घर आहे. माझी बायको फार भित्री आहे, मी खेळलो की उपाशी बसते. आज मी मैदानावर होतो हे तिला सांगू नका.

मी म्हटलं, नाही सांगणार.

लवकर ये. वाट बघते.

तुझी,
मालिनीवहिनी