एका घराला एक जागा

ऐन सेद्रा,
१२ जून

प्रिय लझहरदादा,

माणसं मोजायला सरकारी बाई दारात आली होती. तिने विचारलेल्या एका प्रश्नाचं उत्तर मला तेव्हा देता आलं नाही. बाई म्हणजे रौदा, माझ्याच वर्गातली. गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब. नोकरी आहे का? आहे. कुठे? पर्यावरण कंपनीत. हुद्दा? बागकाम तंत्रज्ञ. मग मान खाली ठेवूनच तिने पुढचा रकाना वाचला, "प्रत्यक्ष काम काय करता?"  आई आतून ओरडली, "लिही गं, झाडं लावते आमची पोर!" रौदाने माझ्याकडे पाहिलं आणि मी उंबऱ्याकडे. तिने काय लिहिलं ते मी विचारलं नाही. त्याला आता सात महिने झाले.

घरी सगळं ठीक आहे. डॉक्टरने श्वासाचा पंप बदलून दिल्यापासून बाबांचा खोकला कमी आहे, पण खाणीच्या बाजूने वारा आला की दोन दिवस झोपून राहतात. नळाला पाणी तीन दिवसांतून एकदा येतं. खाणीतलं फॉस्फेट धुवायला मात्र रोज असतं, असं आई भांडी घासताना नळालाच ऐकवते. तू हिवाळ्यात पाठवलेला फोटो तिने शेजारच्या सगळ्या बायकांना दाखवला. "इटलीत भाकरी मिळत नाही का? पोराची गालफडं बघा," एवढंच बोलली, आणि मग तव्यावरची भाकरी करपली तरी तिचं लक्ष नव्हतं. फोटोत तुझ्या मागे प्लॅस्टिकच्या छताखाली टोमॅटोच्या रांगा आहेत. मी त्या रांगाच बघत बसले. एवढी रोपं एका ठिकाणी मी शेतकी कॉलेज सुटल्यापासून पाहिली नव्हती. तू तिकडे कागदपत्रांशिवाय झाडांत राबतोस, आणि इथे माझ्याकडे सगळे कागद होते, झाड एकही नव्हतं.

पहिल्या दिवशी मी काय चूक केली ते तुला कधी सांगितलंच नाही. मी कामावर गेले. खरंच गेले, सकाळी सात वाजता, आईचा जुना रुमाल डोक्याला बांधून, बाबांचं फावडं घेऊन. कंपनीच्या कुंपणाआड रिकामं मैदान, एक पाटी, आणि एका पत्र्याच्या शेडमध्ये बलगासेमकाका चहा उकळत बसलेले. ते आमचे मुकादम. फावडं बघून त्यांना वाटलं, मी कुणाची तरी कबर खणायला आलेय. "कोण गेलं गं?" म्हणाले. मी म्हटलं, मी नवीन, काम सांगा. हातातला ग्लास खाली ठेवून ते हसले, मग मला हसू येत नाही हे बघून थांबले. "हे बघ पोरी, चहा पी आणि घरी जा. महिन्याच्या शेवटी पगाराला पोस्टात ये. तू रोज यायला लागलीस तर वरचे म्हणतील, बाकीचे दोनशे कुठे आहेत?" गावभर झालं. भाजीवाला अजून मला 'फावडेवाली इंजिनियर' म्हणतो. तुला वाटेल, हिला माहीत नव्हतं का? सगळ्या गावाला माहीत होतं, दादा. मलाही होतं. पण मला वाटलं, शिकलेलं माणूस आलं तर काहीतरी सुरू होईल.

तेव्हा मला तुमचा धरण्याचा तंबू आठवायचा. सत्तेचाळीस दिवस तुम्ही रुळांवर बसला होतात आणि फॉस्फेटची एक गाडी हलली नाही. मी डबा घेऊन यायचे, तू आधी बाकीच्यांना वाटायचास आणि मग पातेलं पुसून खायचास. तुमच्या फलकावर 'काम' लिहिलं होतं. 'पगार' नव्हतं लिहिलेलं. मी स्वतः रंगवला होता तो, म्हणून पक्कं आठवतं. मग राजधानीतून माणसं आली, बोलणी झाली, गाड्या सुटल्या, आणि प्रत्येक घराला एक नाव द्यायला सांगितलं. एका घराला एक जागा, याच कंपनीत. बाबांनी तुझं नाव सांगितलं. तू अर्ज भरायला गेलास आणि माझं लिहून आलास. "आपल्या घरात पदवी एकच आहे, ती वाया कशाला घालवायची," असं म्हणालास, जणू दुकानातून साखर आणायची विसरला होतास. चार महिन्यांनी तू समुद्र ओलांडलास. त्या होडीबद्दल तू कधी बोलत नाहीस, आणि मीही विचारत नाही.

मार्चमध्ये मी कुणाला न सांगता मैदानाच्या कोपऱ्यात खड्डे घेतले. बदामाची अकरा रोपं लावली, घरून कॅनने पाणी नेलं. तीन आठवड्यांनी बलगासेमकाका घरी आले. रागावले असते तर बरं झालं असतं. ते सोबत मबरूकाला घेऊन आले होते. तीसुद्धा आमच्याच यादीत आहे. तिचा मुलगा अंथरुणावरून उठू शकत नाही, तुला माहीत आहे. ती म्हणाली, "विदाद, बाई, वरून साहेब आले होते. तुझी रोपं बघून खूश झाले. म्हणाले, सगळ्यांची हजेरी सुरू करू. मी रोज आले तर पोराला कूस कोण बदलून देणार?" बलगासेमकाका चपलेकडे बघत म्हणाले, "कुणी टॅक्सी चालवतं, कुणी आजारी आहे, कुणी नुसतं आळशी आहे, मान्य. पण ह्या पगारावर अर्ध्या गावाच्या चुली पेटतात. आणि दोनशे माणसांना पुरेल एवढं पाणी आहे का त्या मैदानात? ज्यांनी नोकऱ्या वाटल्या त्यांनी विहीर नाही खणली."  कॉलेजात आम्हाला मातीचे अकरा प्रकार शिकवले, हे कुणी शिकवलं नाही. दुसऱ्या दिवशी मी रोपं काढून आपल्या अंगणात आणली. चार जगली. हजेरीची गोष्टही मग बारगळली.

तेव्हापासून पगार घ्यायला पोस्टात उभं राहिलं की मान वर होईना. मबरूकाने घ्यावा, तिचा हक्कच आहे असं मला मनापासून वाटतं. पण मी तेवीस वर्षांची, धडधाकट, हात रिकामे. इतकी वर्षं शिकून मी काय झाले, तर गप्प राहण्याचे पैसे घेणारी.

एल-गेत्तारला तिजानीकाकांची पिस्त्याची रोपवाटिका आहे. कॉलेजात असताना एक उन्हाळा मी तिथे डोळे भरायला, म्हणजे खुंटाच्या सालीत चांगल्या झाडाचा डोळा बसवून कलम करायला, शिकले होते. म्हातारबाबांचे हात आता थरथरतात, कलम करायला माणूस मिळत नाही. पोरं सगळी एकतर यादीत नाहीतर तुझ्या वाटेवर. मी मे महिन्यात जाऊन भेटले. म्हणाले, "कंपनीची नोकरी सोडून माझ्याकडे? घरी कुणी मारलं का तुला?" मग पगार सांगितला. आत्ताच्या दोन तृतीयांश. मी म्हटलं, चालेल, पण सरकारी विमा कचेरीत नाव नोंदवा आणि हप्ता भरा, बाबांचं उपचाराचं पुस्तक माझ्या नोकरीवर चालतं. त्यावर आमचं तीन आठवडे भांडण चाललं. "खुंटाला पाणी घालू की तुझ्या कचेरीला?" असं ओरडायचे. शेवटी त्यांच्या बायकोनेच त्यांना कचेरीत नेऊन सही करायला लावली. नवीन पुस्तक माझ्या हातात आल्यावरच मी घरी तोंड उघडलं.

बाबा मोठ्याने बोलले नाहीत. भिंतीवर माझी पदवी लावली आहे ना, तिच्याकडे बघत म्हणाले, "तुझ्या भावाने रुळांवर हाडं झिजवली ती काय यासाठी? लझहरला काय तोंड दाखवशील?" मी लगेच म्हटलं, मीच सांगेन त्याला. आई मध्ये पडली, "फोनवर नको, पोर तिथे एकटं आहे." म्हणून हे पत्र. शेजारच्या हमीदाचा नवरा परवा बोटीने पालेर्मोला निघालाय, त्याच्या हाती देतेय. कॅफेतून कुणीतरी फिरवून सांगण्याआधी तू ते माझ्या अक्षरात वाचावंस.

सोमवारी मी नगरपालिकेत कंपनीच्या खिडकीवर जाऊन राजीनाम्यावर सही केली. खिडकीतल्या कारकुनाने कागद दोनदा वाचला, मग पलीकडच्याला हाक मारली, "अरे ये, बघ, सोडतेय ही!" सगळी रांग माझ्याकडे वळली. एक बाई म्हणाली, लग्न ठरलं असेल. दुसरी म्हणाली, मग तर जागा मुळीच सोडू नये. कारकून मला हळूच म्हणाला, "ताई, ही जागा दुसऱ्या कुणाला मिळत नाही. नुसती बुडते. घरी विचारून या, मी कागद बाजूला ठेवतो." घरी विचारलंय, असं मी म्हटलं, आणि ते अर्धंच खरं होतं. दादा, मी तुला विचारलं नव्हतं. नाही म्हणशील ही भीती नव्हती. तू हो म्हणाला असतास, लगेच, हसत, साखर विसरल्यासारखं. आणि मग तेही तूच मला दिलं असतंस. या वेळी मला घेणारी व्हायचं नव्हतं. म्हणून आधी शिक्का मारून घेतला. मंगळवारी सकाळी सात वाजता तिजानीकाकांकडे कामावर गेले, काल आणि आज मिळून नव्वद खुंटांवर डोळे भरले, आणि मग तुला लिहायला बसले.

तुझीच,
विदाद