पाचवी चूक

सोमवार, ३ जून
अखेर रुजू झाले! खुर्ची ह्यांची, टेबल ह्यांचं, खणात ह्यांचाच तुटका कंगवा. सोळा वर्षं हे काम करून ते आजारपणानं घरी बसले, तेव्हापासून साहेबच त्यांच्या जागी स्वतःचं कार्ड घालत. मार्चमध्ये हे गेले आणि कंपनीनं त्यांच्या जागी मला घेतलं.

काम म्हणजे बंद खोलीतल्या एका लोखंडी यंत्राची राखण. इस्पितळातल्या अकरा हजार रुग्णांची माहिती सांकेतिक करून ठेवली आहे आणि ती उलगडायची किल्ली फक्त ह्या यंत्राच्या पोटात. रोज सकाळी दोघींनी आपापलं कार्ड घालून सहा आकडी क्रमांक दाबायचा, तेव्हा कुठे डॉक्टरांना काही दिसतं. यंत्र फोडायला गेलं तर ते किल्ली स्वतःच पुसून टाकतं. एका कार्डावर पाच वेळा क्रमांक चुकला तरी पुसतं. घरची चावी आठवड्याला हरवणाऱ्या माणसाच्या हाती हे कुणी दिलं, देव जाणे.

साहेबांनी ह्यांचं कार्ड माझ्यासमोर कात्रीनं कापलं. मी सही केली.

गुरुवार, ६ जून
दुसरं कार्ड मावशींकडे. सगळे त्यांना मावशीच म्हणतात. त्यांनी बजावलं, क्रमांक पोटच्या पोरीलाही सांगायचा नाही.

शेवटची दोन वर्षं ह्यांना काही आठवत नसे. लेकीला ‘अहो बाई’ म्हणायचे, मला तर काहीच नाही. पण माझ्या तळहातावर बोटानं टकटक करत बसायचे, सहा वेळा, सहा जागी. मी वैतागून हात ओढून घ्यायचे. आज कळलं, ते क्रमांक घोकत होते. फार रडले.

मंगळवार, ११ जून
यंत्राच्या नोंदीत सकाळी ११.२० ला ह्यांचं कार्ड. क्रमांक चुकला. चार संधी शिल्लक. साहेब म्हणाले, यंत्राला म्हातारचळ लागलाय, नवं महिन्याभरात येईल.

बुधवार, १२ जून
तीन. मी समोरच होते. बटणं आपोआप दबत होती, थबकत थबकत. घरी न्हाणीघराचं दार शोधताना ते असेच थबकायचे.

गुरुवार, १३ जून
मावशींनी आणि मी कार्ड पुन्हा रद्द केलं. तरीही ११.२०. दोन.

शुक्रवार, १४ जून
आज चुकला तर एकच उरणार. ११.२० व्हायच्या आत मी तळहात उघडून पाहिला. वर, मध्ये, अंगठ्याजवळ... आठवलं. ह्यांच्याआधी मीच ती सहा बटणं दाबली. हिरवा दिवा. म्हटलं, अहो, झालं तुमचं काम, आता निजा. तेव्हा माझ्या हातावर त्यांचा हात आला. गार. घट्ट. बराच वेळ सोडेचना.

सोमवार, १७ जून, सकाळी ९.००
माझं कार्ड. क्रमांक चुकला. घाई झाली असेल.

९.१०
पुन्हा चुकला. कुणाचा तरी फोन आला, मला आई म्हणत होती —

९.२५
दोन संधी. डॉक्टरांचा निरोप — शस्त्रक्रियेच्या टेबलावर एक मुलगी आहे, तिला कुठलं औषध चालत नाही ते ह्या यंत्रात — आणि तिच्याजवळ वेळ —

९.३१
एक. ह्या बाई माझे हात धरून रडताहेत. कोण आहेत? मला येतो तो क्रमांक. आत्ता होता. बोटं आपणहून निघालीत — थांबा, अहो, मी अजून —